लाल कापडाची वही

वाटपाच्या दाव्यात कागदपत्रं मागवण्याचा माझा पहिला अर्ज नामंजूर झाला, आणि चूक माझीच होती. ‘एकत्र कुटुंबाच्या मिळकतीसंबंधीची सर्व कागदपत्रे प्रतिवादींनी हजर करावीत’ असं मी लिहिलं होतं. मागणी मोघम आहे, असा शेरा पडला. कोणता कागद, कोणाकडे आहे, तो कशासाठी हवा, यातलं काहीच मी सांगितलं नव्हतं.

माझ्या पक्षकार, आम्ही त्यांना आक्काच म्हणायचो, मिरज तालुक्यातल्या द्राक्षबागेत आपला हिस्सा मागत होत्या. लग्न १९९१ सालचं. भावांची कैफियत, म्हणजे दाव्याला दिलेलं लेखी उत्तर, अशी की वडिलांनी १९९८ सालीच तोंडी वाटप केलं आणि आक्कांचं जे काही होतं ते लग्नातच दिलं. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलगी जन्मापासून सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकीच हिस्सेदार, झाली खरी, पण २० डिसेंबर २००४ पूर्वी झालेल्या वाटपाला ती दुरुस्ती हात लावत नाही. त्यामुळे अशा दाव्यांत जुनं तोंडी वाटप हमखास पुढे येतं. सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली विनीता शर्मा प्रकरणात अशा तोंडी वाटपाचं म्हणणं सहजी मान्य करता येणार नाही असं सांगितलं. तरी समोरच्याच्या म्हणण्यातली फट दाखवावीच लागते.

सांगलीतल्या आमच्या ऑफिसात सरांनी माझा अर्ज बाजूला सारला. “आधी कैफियत परत वाच,” म्हणाले. रात्री वाचताना परिच्छेद अकरावर थांबले. लग्नखर्चाची नोंद ‘वडिलांच्या रोजवहीत’ आहे, असं भावांनी स्वतःच लिहिलं होतं. सकाळी आक्कांना फोन केला.

“होती की वही. लाल कापडाची. आण्णा बागेत औषध मारून आलं की सोप्यात बसून लिहायचं.”

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ११ नियम १५ खाली नोटीस दिली. समोरच्याने आपल्या कैफियतीत ज्या कागदाचा उल्लेख केला, तो दाखवायला मागता येतो. सबळ कारण नसताना दाखवला नाही, तर पुढे त्याला तो पुराव्यात वापरता येत नाही. लग्नखर्चाच्या त्या एका पानावर भावांची सगळी भिस्त होती. त्यामुळे वही आणण्यावाचून त्यांना गत्यंतर नव्हतं.

तपासणी समोरच्या वकिलांच्या ऑफिसात ठरली. थोरले भाऊ पिशवी मांडीवर घेऊन बसले होते. वही बाहेर आली. कापडाचा लाल रंग उडाला होता, कडांना मोरचुदाचे निळसर डाग, काही पानं एकमेकांना चिकटलेली. वकिलांनी लग्नाचं पान काढून दिलं. मांडव, आचारी, भांडी, सोनं, सगळं पैपैसा लिहिलेलं.

मी म्हटलं, “मला पूर्ण वही बघायचीय.” त्यांनी हरकत घेतली, मी नोटिशीची प्रत पुढे केली. तिच्यात वही मागितली होती, पान नव्हे.

चिकटलेली पानं मी नखाने हळूहळू सोडवली. १९९९, २००१. दोन्ही भावांच्या नावावर वेगळा हिशेब कुठेच नाही. औषध, मजुरी, बेदाण्याची पट्टी, सगळं एकाच खात्यात. २००३ च्या मार्चच्या पानावर खाली कोपऱ्यात बारीक अक्षरात लिहिलं होतं: ‘वाटप राहिले. आक्काला बोलावून करणे.’

मी वाचून दाखवलं नाही, वही आक्कांकडे सरकवली. चष्मा घरी राहिला होता. त्यांनी ओळीवर बोट ठेवलं आणि अक्षर ओळखलं. थोरल्या भावांनी मान खाली घातली. खोलीत बराच वेळ कुणीच बोललं नाही.

मी त्या पानांची झेरॉक्स मागितली, आणि वही कोर्टाच्या ताब्यात ठेवावी असा अर्ज पुढच्या तारखेला दिला. या वेळी अर्जात वहीचं वर्णन होतं, वर्षं होती, पानं होती, कारण होतं. अर्ज मंजूर झाला.

बाहेर आल्यावर आक्कांनी एवढंच विचारलं, “ताई, खटला संपल्यावर ती वही कुणाला देतात?”