वडाखालचा स्टॉप

मुंबई-गोवा महामार्गावर, संगमेश्वरच्या अलीकडे, आमच्या गावाची खूण एकच: वडाचा पार. कंडक्टर स्टॉपचं नावच घ्यायचा नाही. 'वडाखालचे कोण, पुढे या!' एवढंच ओरडायचा. चौपदरीकरणात तो वड गेला. गेल्या गणपतीत पहाटेच्या अंधारात मी चक्क दीड किलोमीटर पुढे उतरलो. घरचा माणूस, आणि घर चुकलं!

रस्ता नको म्हणणारा मी नाही. २०१६ च्या ऑगस्टमध्ये महाडला सावित्रीवरचा ब्रिटिशकालीन पूल पुरात गेला, तेव्हा आम्ही रात्रभर फोन लावत बसलो होतो. पण हे काम २०११ पासून रखडतंय, आणि झाडं मात्र पहिल्याच झटक्यात आडवी. परशुराम घाटात डोंगर उभा कापला. आता पावसाळ्यात लाल माती रस्त्यावर येते आणि पायथ्याच्या पेढे गावाला झोप नसते.

वटपौर्णिमेला काकी हल्ली बाजारातून फांदी आणते. चाळीस रुपये. दुभाजकात कण्हेर लावलीय म्हटलं, तर माझ्यावरच उखडली, "कण्हेरीभोवती कसल्या रे फेऱ्या घालू? आणि गाड्या काय थांबणारेत माझ्यासाठी?"