लेडी विंडरमिअरचा पंखा आणि स्पॅनिश चित्रपट

डब्लिनमध्ये जन्मलेल्या ऑस्कर वाइल्डचे ‘लेडी विंडरमिअर्स फॅन’ हे नाटक १८९२ साली लंडनच्या सेंट जेम्स थिएटरात रंगभूमीवर आले. स्पॅनिश भाषेत त्यावर १९४४ साली मेक्सिकोत आणि १९४८ साली अर्जेंटिनात चित्रपट निघाले. वाइल्ड म्हटले की चटकदार वाक्येच आठवतात. पण १९२५ मध्ये दिग्दर्शक अर्न्स्ट लुबिचने यावर मूकपट केला तेव्हा ती वाक्ये त्याने वापरलीच नाहीत, तरी चित्रपट उभा राहिला. याचा अर्थ सांगाडा भक्कम आहे आणि रूपांतर करणाऱ्याची खरी परीक्षा तिथेच आहे.

तिसऱ्या अंकात लेडी विंडरमिअर एका परपुरुषाच्या घरी पडद्याआड लपलेली असते, मिसेस अर्लिन शेजारच्या खोलीत असते आणि बाहेर पुरुषांच्या गप्पा रंगलेल्या असताना सोफ्यावरचा पंखा एकाच्या नजरेस पडतो. तिचा पती तो बायकोचा म्हणून ओळखतो, आता झडती होणार, एवढ्यात मिसेस अर्लिन पुढे येऊन पंखा आपण चुकून उचलून आणल्याचे सांगते. लपलेली स्त्री ही आपलीच मुलगी आहे हे तिला ठाऊक असते. प्रेक्षकाला पंखा आणि पडदा एकाच वेळी दिसत असतात. गोव्यात फोंड्याकडच्या देवळांतल्या उत्सवी नाटकांत काम केलेल्यांना ठाऊक असते की मंडपातल्या शेवटच्या रांगेला हातातली लहान वस्तू दिसत नाही, म्हणून पात्राला ती उचलून, नावानिशी मिरवावी लागते. कॅमेऱ्याला ही कसरत करावी लागत नाही. मात्र पंख्याचा क्लोज-अप घेतला की पडदा चौकटीबाहेर जातो आणि पडद्यामागची घाबरलेली स्त्री दाखवली की बाहेरच्यांवरचा ताण ओसरतो. माझ्या मते तिला दाखवूच नये.

दुसरा प्रश्न गुपिताचा. मिसेस अर्लिन ही नायिकेची आई आहे हे वाइल्डला शेवटच्या अंकापर्यंत राखून ठेवायचे होते. नट-व्यवस्थापक जॉर्ज अलेक्झांडरचा आग्रह होता की प्रेक्षकाला ते आधीच कळावे, आणि सुरुवातीच्या प्रयोगांनंतर वाइल्डने तसा बदल केला. चित्रपटासाठीही मला अलेक्झांडरचेच म्हणणे पटते.

अर्जेंटिनाच्या चित्रपटात लुईस सास्लाव्स्की दिग्दर्शक आणि डोलोरेस देल रियो मिसेस अर्लिनच्या भूमिकेत होती. एवढी मोठी तारका आली की कथेचा तोल मिसेस अर्लिनकडे झुकणारच. चित्रपटाचे नावही ‘एका वाईट बाईची कथा’ असे आहे, आणि वाइल्डने आपल्या नाटकाला ‘एका चांगल्या स्त्रीविषयीचे नाटक’ असे उपशीर्षक दिले होते, ते इथे गंमतशीर रीतीने उलटले आहे. तोल झुकल्याबद्दल माझी तक्रार नाही. धोका एवढाच की अशा भूमिकेकडून प्रेक्षक आईच्या कबुलीची आणि गळाभेटीची वाट पाहू लागतो. आपल्याकडच्या रडवणाऱ्या संगीत नाटकांनीही तीच सवय लावली आहे. वाइल्डची मिसेस अर्लिन पश्चात्तापाची थट्टा करते, पंखा आणि मुलीचे छायाचित्र मागून घेते, तिच्यावर भाळलेल्या लॉर्ड ऑगस्टसला एक सोयीस्कर खुलासा ऐकवते आणि त्याच्याबरोबर लग्नाचे ठरवून देश सोडते. मुलीला सत्य कधीच कळत नाही. हे बदलायचेच असेल, तर पटकथाकाराने त्याच्या जागी तितकाच कठोर प्रसंग लिहिला पाहिजे.