टकटक बंद कर न गा!

दिवाळी झाली की मी गडचिरोलीकडच्या वडशाच्या नाटक कंपन्यांसोबत गावोगाव कीबोर्ड वाजवत फिरतो. झाडीपट्टीतलं, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भातलं नाटक रात्री उशिरा उभं राहतं ते पहाटेलाच पडदा पाडतं. रडण्याच्या प्रसंगाला व्हायोलिनचा टोन, खलनायक आला की ब्रास, मध्येच लावणी. उन्हाळ्यापासून धान आणि मोबाईल. मोबाईलवरच जॅझ फ्यूजन, म्हणजे जॅझमध्ये रॉक-फंक मिसळलेलं संगीत, कानावर पडलं आणि डोक्यात बसलं ते निघेचना.

अमेरिकन जॅझवाला हर्बी हॅनकॉक, त्याचा १९७३ चा 'हेड हंटर्स' ऐकत होतो. त्यातल्या दुसऱ्या रचनेची सुरुवात तालवाद्यवाला बिल समर्स बिअरच्या बाटलीत फुंकून करतो. अल्बम कीबोर्डवाल्याचा आणि पहिला सूर बाटलीचा! मला वाटलं, आपल्याकडे तर बाटलीपेक्षा पुष्कळ बरी वाद्यं आहेत. ती घेऊन स्वतःचाच अल्बम करायचं ठरवलं.

लग्नाच्या बँडमधले एक सॅक्सोफोनवाले भाऊ ओळखीचे होते. चातुर्मासात मुहूर्त नसतात, म्हणून ते मोकळे. पहिलाच प्रश्न, "रात्रीचे किती?" ते ठरलं, पण सूर जमेना. मी रचना बांधली होती पांढरी तीनमध्ये, म्हणजे ई मायनर. त्यांचा आल्टो सॅक्स ई फ्लॅटचा. ते 'सी' वाजवतात तेव्हा आपल्याला काळी दोन ऐकू येते. माझ्या ई मायनरसाठी त्यांना सी शार्प मायनर, चार शार्प सांभाळत वाजवावा लागत होता. दोन दिवस आम्ही एकमेकांना बेसूर ठरवत बसलो. मग मी कीबोर्डचं ट्रान्सपोज अधिक एक केलं, म्हणजे सगळे सूर अर्ध्या स्वरानं वर सरकवले, रचना पांढरी चारवर गेली, त्यांच्या बोटांना डी मायनर आला आणि माणूस असा सुटला की थांबवावं लागलं. एक बटण दाबायला दोन दिवस लागले, हे लिहितानाही लाज वाटते.

खंजिरीवाले काका गुरुदेव सेवा मंडळाच्या भजनातले. तुकडोजी महाराजांची भजनं म्हणत त्यांचं आयुष्य गेलं. रोवणी आटोपल्याशिवाय ते हात लावणार नव्हते, म्हणून पोळ्याच्या आधीचा आठवडा धरला. आमच्या मागच्या खोलीत दारं-खिडक्यांवर गोधड्या टांगल्या, कोपऱ्यांत तनसानं भरलेली पोती रचली. पावसाळी हवेत खंजिरीचं चामडं सैल पडायचं. दर दोन टेकनंतर काका ते चुलीवर शेकून आणायचे. इन्व्हर्टरवर लाइन गेली की घूं असा आवाज यायचा, म्हणून लॅपटॉप बॅटरीवर. बेडकांना मात्र गोधडी पुरली नाही.

"सेव्हन-फोर आहे काका, अवघड आहे," मी जरा छाती फुगवूनच म्हणालो. त्यांनी सात मात्रा तीन-दोन-दोन अशा बोटांवर मोजल्या. "रूपकच न हे?"

मग त्यांना हेडफोन लावला आणि लय धरायला कानात टकटक वाजणारी क्लिक सुरू केली. तीन टेक वाया गेले. चौथ्याला काकांनी हेडफोन काढून मांडीवर ठेवला. "हे टकटक बंद कर न गा! मले याच्या मागं धावाले लावतं. मी वाजवतो, तू माह्या मागं ये." क्लिक बंद केली. मिनिटाला ९६ मात्रांच्या लयीत सुरू झालेले काका सहा मिनिटांनी १०४ वर पोचले. चढ इतका सफाईदार होता, की सॉफ्टवेअरमध्ये मोजेपर्यंत मला कळलाही नाही.

त्याची किंमत मी मोजली. नागपूरच्या बेसवाल्या मित्राला लय कळावी म्हणून पंच्याऐंशीएक समा, म्हणजे प्रत्येक आवर्तनाची पहिली मात्रा, हातानं खुणा करून लावल्या. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटचा एक मोनो ट्रॅक मिनिटाला ८.६४ एमबी, सहा मिनिटांचे आठ ट्रॅक म्हणजे ४०० एमबीच्या वर. आमच्या गावात नेटवर्क गच्चीवर आणि तेही मनात आलं तर. शेवटी वडशाला जाऊन चहाच्या टपरीवर बसून चढवलं. मिक्स आधी मी नाटकाच्या भोंग्यासारखं ठासून केलं होतं. स्पॉटिफायसारखी ठिकाणं आवाज साधारण उणे १४ एलयूएफएसवर (आवाजाचा मोठेपणा मोजायचं एकक) आणून ठेवतात, त्यामुळे ठासलेलं सगळं नुसतं चपटं वाजलं. खंजिरीचा चट् गेला होता. पुन्हा केलं.

सर्वांत कंटाळा अल्बम ऑनलाइन टाकायच्या फॉर्मचा. मुख्य कलाकार, पाहुणे कलाकार वेगळे लिहायचे. काकांचं नाव आधारवर एक, बँकेच्या पासबुकात दुसरं, भजन मंडळाच्या पत्रिकेवर तिसरं. त्यांनी पत्रिकेवरचं निवडलं. कमाईत कोणाचा किती वाटा, याचा कागद मी आधीच करून घेतला नव्हता, ही माझी चूक. अल्बम जाणार त्याच्या आदल्या दिवशी सॅक्सवाल्या भावांकडे सही घ्यायला चिखलातून मोटारसायकल ढकलत गेलो. रात्रीचे पैसे मिळाल्यावर वाटा कशाचा, हे त्यांना अजून पटलेलं नाही.

पहिली रचना खंजिरीनं सुरू होते, मागे बेडूक. अल्बम आला त्या दिवशी काकांच्या ओसरीवर बसून मोबाईलवर लावला. काका डोळे मिटून ऐकत होते. दीड मिनिट झालं, पावणेदोन झाले. त्यांनी एक डोळा उघडला.

"मंग तुही पेटी कवा येते गा?"