उंबरठ्याच्या आत

'मर्यादा रामन्ना' हा तेलुगू चित्रपट मी पहिल्यांदा पाहिला तो सोलापुरात, पूर्व भागातल्या एका मित्राच्या घरी आणि उपशीर्षकांशिवाय. मित्र पद्मशाली, घरात तेलुगू बोलणारा. अर्धे संवाद तो मला मराठीत सांगायचा आणि उरलेल्या अर्ध्यांना स्वतःच इतका हसायचा की सांगायचे राहूनच जायचे. शेवटी त्याची आई, जिला आम्ही सगळेच अम्मा म्हणतो, वैतागून म्हणाली, "त्याला काय विचारतोस, मला विचार की." अम्मांमुळे मला कथेच्या आधी चित्रपटाचे नाव कळले. मर्यादा म्हणजे रामायणातली, संयमाची, असे मी गृहीत धरले होते. अम्मा म्हणाल्या, "तुमच्यात मर्यादा म्हणजे हद्दीत राहायचं. आमच्यात मर्यादा करायची असते. पाव्हणा आला की पाणी द्यायचं, ताट वाढायचं, निघाला की दारापर्यंत सोडायला जायचं, ही मर्यादा."

मराठीतली मर्यादा ही एक रेषा आहे आणि तेलुगूतली मर्यादा हा पाहुणचार आहे, हे एवढे लक्षात आले आणि समोर चाललेला चित्रपट मला एकदम उलगडला, कारण त्याची सगळी गंमत या दोन अर्थांच्या मधोमध उभी आहे. ज्या घरात पाहुण्याची मर्यादा राखली जाते, त्याच घराच्या दारात ती मर्यादा संपतेही. मर्यादा रामन्ना हे तेलुगू लोककथांमधल्या एका चतुर न्यायाधीशाचेही नाव आहे, त्यामुळे तेलुगू प्रेक्षकाला नावातच निवाड्याची चाहूल लागत असणार. या सख्ख्या वाटणाऱ्या पण वेगळ्या शब्दांची मला पुढे सवयच लागली. चित्रपटाच्या सुरुवातीला 'उद्योगम ऊडिपोयिंदि' असे एक गाणे आहे. त्यातला उद्योग म्हणजे आपला कारखाना किंवा नसती उठाठेव नव्हे, तर नोकरी, आणि ती गेलेली आहे.

नोकरी गेली आहे ती रामूची. हैदराबादेत जुनाट सायकलवरून माल पोचवणारा हा अनाथ तरुण सायकलपायीच कामाला मुकतो, कारण मालकाला आता चाकाखाली इंजिन असलेला माणूस हवा असतो. रिक्षा घ्यायची तर पैसे हवेत, आणि पैशांची वाट सापडते ती आंध्र प्रदेशाच्या रायलसीमा भागातल्या वडिलोपार्जित पाच एकर जमिनीत. ती विकायला तो गावी निघतो. त्याच गावातल्या रामिनीडू या मातब्बर माणसाच्या भावाला रामूच्या वडिलांनी अठ्ठावीस वर्षांपूर्वी मारले होते, त्याच मारामारीत वडीलही गेले होते आणि आई तान्ह्या रामूला घेऊन शहरात पळाली होती, यातले रामूला काहीच ठाऊक नसते. गाडीत त्याची ओळख अपर्णा नावाच्या मुलीशी होते, आणि ती रामिनीडूची लेक निघते. जमीन विकायला मदत मागत रामू नेमका त्याच वाड्यात जातो. तो कोण हे रामिनीडूला कळते तेव्हा रामू घरात पाहुणा म्हणून आलेला असतो, आणि या घराचा नियम असा की घराच्या आत रक्त सांडायचे नाही. उंबरठ्याबाहेर पाऊल पडले, की मग मात्र तलवारी तयार.

तिथून पुढे चित्रपटाचा खरा नायक उंबरठा आहे. एरवी ज्या घरातून पळून जाणे हेच कुठल्याही माणसाचे ध्येय असते, त्या घरात राहण्यासाठी हा माणूस जिवाचे रान करतो. निरोपाची वेळ जवळ आली की त्याला काहीतरी होते, काहीतरी राहिलेले आठवते, कुणाचा तरी आग्रह मोडवत नाही. घरातली माणसे प्रेमाने आग्रह करतात आणि मारेकरीही तितक्याच अदबीने वाट पाहतात. मला सगळ्यात आवडते ते हे, की दोन्ही बाजू नियम काटेकोर पाळतात. रामिनीडू आपल्या शब्दाशी लबाडी करत नाही, पाहुण्याला ढकलून बाहेर काढत नाही, जेवणात विष घालत नाही. तो फक्त पाहुणा निघण्याची वाट पाहतो. रामूला दाराकडे नेणारा प्रत्येक प्रसंग आला की मित्र सोफ्यावर पाय वर घेऊन बसायचा. असाच एकदा रामू निघतो निघतो करत असताना रामिनीडूचे दोघे मुलगे दाराशी येऊन उभे राहिले, तेव्हा अम्मा गंभीरपणे म्हणाल्या, "काही म्हण, सोडायला मात्र सगळे दारापर्यंत आले."

हे सगळे रायलसीमेत घडते, म्हणून ते विनोदी आहे. नंद्यालच्या १९२८ च्या परिषदेत या भागाला हे नाव मिळाले. त्याआधी निजामाने १८०० साली इंग्रजांना देऊन टाकलेले 'दत्त मंडल' एवढीच त्याची ओळख होती. कर्नूल, अनंतपूर, कडप आणि चित्तूर हे त्याचे जुने चार जिल्हे. पाऊस कमी, जमीन कोरडी, भुईमुगाचे पीक, आणि गावागावांत पुढाऱ्यांच्या तटांमधली पिढ्यान्‌पिढ्या चालणारी हाडवैरे. त्यांना तिकडे सरळ 'फॅक्शन' असाच शब्द आहे. या वैरांची मुळे काही अभ्यासक विजयनगरच्या पडझडीनंतर माजलेल्या पाळेगारांपर्यंत, म्हणजे स्थानिक सरदारांपर्यंत नेतात. तेलुगू सिनेमाने मात्र या भागाचे फार पूर्वीच एक ठोकळेबाज चित्र करून टाकले. १९९९ मध्ये बालकृष्ण यांचा 'समरसिंहा रेड्डी' चालला, २००१ मध्ये त्यांचाच 'नरसिंह नायुडू' आणि २००२ मध्ये चिरंजीवी यांचा 'इंद्रा' आला, आणि मग दहा वर्षे रायलसीमा म्हटले की पांढरे कपडे, धुळीचे लोट उडवत येणारा सुमो गाड्यांचा ताफा, गावठी बॉम्ब आणि शड्डू ठोकणारा नायक एवढेच पडद्यावर उरले. तिथले लोक या चित्रावर नाराज असतात, आणि त्यांची नाराजी मला रास्त वाटते.

'मर्यादा रामन्ना' या चित्रात सगळे जसेच्या तसे ठेवतो आणि फक्त नायक बदलतो. तलवारी तशाच, मिशा तशाच, सूडाची शपथ तशीच, पण शड्डू ठोकायच्या जागी उभा आहे सुनील. त्या वेळी सुनील हा तेलुगू चित्रपटांमध्ये नायकाचा मित्र म्हणून घराघरांत ठाऊक असलेला विनोदी नट होता. 'अंदाल रामुडू' मध्ये तो २००६ मध्ये नायक झाला होता खरा, पण प्रेक्षकांच्या मनातली त्याची जागा नायकाच्या शेजारचीच होती. दिग्दर्शक एस. एस. राजमौली यांनी २००९ च्या 'मगधीरा' नंतर, म्हणजे तेलुगूत तोवर न झालेल्या भव्यतेचा खेळ यशस्वी केल्यानंतर, अवघ्या वर्षभरात, २३ जुलै २०१० रोजी, हा छोटा चित्रपट सुनीलला घेऊन आणला. घोड्यांच्या आणि रथांच्या नंतर एक सायकल. तीही बोलणारी सायकल, जिला रवी तेजा यांनी आवाज दिला आहे आणि जी आपल्या मालकाविषयी फारसे बरे बोलत नाही. ही कल्पना कागदावर पोरकट वाटते, आणि पडद्यावरही ती एक-दोनदा तशी वाटतेच, पण रामूला जगात बोलायला सायकलीशिवाय कुणी नाही ही गोष्ट तिच्यामुळे न सांगता कळते.

मुळात ही कथा राजमौलींची किंवा लेखक एस. एस. कांची यांचीही नव्हे. तिचे मूळ बस्टर कीटन यांच्या १९२३ च्या 'अवर हॉस्पिटॅलिटी' या मूकपटात आहे. अमेरिकेतल्या दोन घराण्यांचे जुने वैर, आईने दूर शहरात नेलेले आणि तिथे मावशीने वाढवलेले मूल, वारशात मिळालेली जमीन पाहायला केलेला आगगाडीचा प्रवास, गाडीत भेटलेली शत्रूचीच मुलगी आणि पाहुण्याला घरात मारायचे नाही ही कुळाची रीत, हे सगळे तिथे आहे. मी तो चित्रपट नंतर शोधून पाहिला आणि चक्रावलो, ते साम्यामुळे नव्हे. चक्रावलो ते यासाठी की अमेरिकेतल्या १८३० च्या सुमाराची गोष्ट रायलसीमेत येऊन अधिक खरी वाटू लागते. कीटनच्या चित्रपटात आतिथ्याची रीत पडद्यावरच्या पाटीतून वाचायला मिळते आणि आपण ती कथेची सोय म्हणून मान्य करतो. तेलुगू घरात ती पाटीवर लिहावी लागत नाही, कारण तिथे पाय धुवायला पाणी येते, ताट मांडले जाते, वाढणारा हात थांबत नाही, आणि त्या ताटाला बांधलेला नियम मोडवत नाही हे प्रेक्षकाला आपोआप पटते.

दोन्ही नटांत एक फरक मात्र मोठा आहे. कीटनचा चेहरा दगडासारखा असतो, काहीही झाले तरी हलत नाही, आणि त्या न हलण्यातच हसू असते. सुनीलचा सगळा चेहरा हलतो. भीती आधी डोळ्यांत येते, मग गालांत, मग ती कशीबशी हसण्यात गुंडाळली जाते, आणि हे सगळे यजमानासमोर, घास तोंडात असताना चालते. रामिनीडूचे काम करणारे नागिनीडू त्याच्यासमोर जवळजवळ काहीच करत नाहीत. आवाज चढवत नाहीत, भुवई हलवत नाहीत, शांतपणे विचारपूस करतात. म्हणजे कीटनचा स्थिर चेहरा इथे नायकाकडून खलनायकाकडे गेला आहे, आणि माझ्या मते चित्रपटाचे अर्धे यश या अदलाबदलीत आहे.

या वळणावर मला तेलुगूतला आणखी एक शब्द सांगितल्याशिवाय राहवत नाही. उंबरठ्याला तेलुगूत गडप म्हणतात, आणि रायलसीमेतल्या कडप शहराचे नाव त्याच शब्दावरून आले असे मानतात, कारण तिरुमलेच्या वेंकटेश्वराकडे जाणाऱ्या वाटेवर हे गाव म्हणजे देवाचा उंबरठा. तिथल्या जुन्या देवळाच्या ठिकाणाला देवुनि कडप म्हणतात. ज्या मुलखातल्या एका जिल्ह्याचे नावच उंबरठा आहे, तिथे उंबरठ्यावर अडलेल्या माणसाची गोष्ट रचणाऱ्यांच्या मनात हे होते की नाही याने मला फरक पडत नाही. मी ते शोधले आणि मला आनंद झाला.

प्रेमाची बाजू त्या मानाने हलकी आहे. गाडीतला भाग गोड आहे. 'अम्मायि किटिकी पक्कन' या गाण्यात खिडकीशेजारी बसलेली मुलगी आणि तिच्या आसपास घोटाळणारे प्रवासी आहेत, आणि किटिकी म्हणजे आपली खिडकीच हे ओळखायला अम्मांची गरज पडली नाही. एम. एम. कीरवाणी यांची चाल डब्याच्या लयीत हलत राहते. पण वाड्यात पोचल्यावर सलोनीने केलेल्या अपर्णाला लेखकाने फार वेळ अंधारात ठेवले आहे. बाप आणि भाऊ तलवारीला हात लावून हिंडत असताना घरातल्या शहाण्या मुलीला काहीच जाणवू नये, हे पटत नाही. प्रेमामुळे रामूला घर सोडवत नाही आणि भीतीमुळेही सोडवत नाही, ही दुहेरी कोंडी अजून कितीतरी खुलवता आली असती. दुसऱ्यांदा पाहताना मला राहून राहून वाटले की या कथेतली सगळ्यात धाडसी व्यक्ती रामूची आई आहे. वैराचा वारसा मुलाच्या कानावरही न घालणारी ही बाई सुरुवातीच्या काही मिनिटांतच पडद्यावरून जाते, आणि मग तिचा विचार कुणी करत नाही.

या चित्रपटाची पुढे कन्नड, बंगाली, हिंदी, तमिळ आणि मल्याळम रूपे आली. कन्नडमध्ये कोमल आणि तमिळमध्ये संतानम हे दोघेही विनोदी नट नायक झाले, म्हणजे तिथल्या निर्मात्यांना मर्म कळले होते. हिंदीत २०१२ मध्ये 'सन ऑफ सरदार' आला, गोष्ट पंजाबात गेली आणि रामूच्या जागी अजय देवगण आला. जो माणूस चार-सहा जणांना सहज लोळवू शकतो हे आपल्याला पहिल्या दृश्यापासून ठाऊक आहे, त्याने उंबरठ्याच्या आत का थांबावे? त्याला उंबरठा लागतच नाही. हिंदी चित्रपट वाईट आहे असे मी म्हणत नाही, त्यात गडबडगोंधळ भरपूर आहे, पण त्यात मर्यादा कुठल्याच भाषेतली नाही.

सुनीलने नंतर शरीर कमावले, काही वर्षे नायकाच्या भूमिका केल्या आणि पुन्हा इतर भूमिकांकडे वळला. २०२१ च्या 'पुष्पा' मध्ये तो मंगलम श्रीनू झाला. रायलसीमेतलेच जंगल, रक्तचंदनाची तस्करी, आणि त्यात माणसे कापून काढणारा क्रूर दलाल. चित्रपटगृहात तो पहिल्यांदा पडद्यावर आला, करड्या नजरेने समोर पाहू लागला, सगळे प्रेक्षक गप्प झाले, आणि मला मात्र ताटावर बसून घास गिळता न येणारा रामू दिसला आणि मोठ्याने हसू आले. शेजारच्या खुर्चीवरच्या गृहस्थांनी वळून माझ्याकडे जरा काळजीने पाहिले.