गुलाल एकीकडे, रांगोळी एकीकडे

जादूचं नाटक म्हटलं की साऊंडवाल्याकडे दिग्दर्शकाची पहिली मागणी ठरलेली: "इथे एक छन्न टाक." कांडी फिरली, छन्न. राक्षस गायब, छन्न. आमच्या बालनाट्याच्या वेळी मात्र मी अडून बसलो. कारण नाटकातली शाळाच निराळी. नादकुल तिचं नाव. तिथे पोरं जादू शिकतात ती सुरांवर. भिंत उघडायची तर षड्ज लावायचा, वारा थांबवायचा तर पंचम. जिथे सूर हाच मंत्र, तिथे वरून आणखी एक छन्न म्हणजे श्रीखंडावर साखर भुरभुरण्यातला प्रकार. सूर लागला की लोकांच्या डोळ्यांदेखत काहीतरी हललं पाहिजे, आणि ते सुरानेच हललं पाहिजे, असं माझं म्हणणं.

दिग्दर्शक ताई म्हणाल्या, "मग हलवून दाखव."

म्हणून पितळी पत्रा आला. हातभर लांबरुंद, चौकोनी, मधोमध एका बोल्टवर कसलेला. बोल्टखाली जुन्या स्पीकरची कॉइल. पोरीने माइकवर सूर लावला की अ‍ॅम्प्लिफायरमधून तो कॉइलला जाणार आणि पत्रा थरथरणार. पण असा पत्रा सगळीकडे सारखा हलत नाही. काही रेषांवर तो जवळजवळ स्थिर असतो. वर रांगोळी टाकली तर ती उडत उडत त्या रेषांवर जाऊन बसते आणि नक्षी उमटते. अर्न्स्ट क्लाडनी या जर्मन माणसाने १७८७ साली या आकृत्या छापून प्रसिद्ध केल्या. तो पत्र्याच्या कडेवर व्हायोलिनचा बो ओढायचा. १८०९ साली पॅरिसमध्ये नेपोलियनसमोरही त्याने हा खेळ करून दाखवला. म्हणजे रंगमंचाला हे काही अगदीच परकं नव्हे.

आमची खरी डोकेदुखी होती फीडबॅक. पत्रा स्वतःच इतका कर्कश वाजतो की माइक त्याचाच आवाज पकडतो आणि शिट्टी सुरू होते. शेवटी पत्रा विंगेत, फोम लावलेल्या खोक्यात ठेवला, वर कॅमेरा टांगला आणि चित्र मागच्या पडद्यावर सोडलं.

प्रयोग वाशीला, विष्णुदास भावे नाट्यगृहात. दुपारी तांत्रिक तालीम. लाइट लागले आणि पितळ असं काही चकाकलं की पांढरी रांगोळी पडद्यावर दिसेचना. मी म्हटलं, पत्र्याला काळा मॅट रंग मारा. "सुकणार कधी, तिसऱ्या घंटेला?" असं म्हणत प्रॉपर्टीवाले काका निघून गेले आणि थोड्या वेळाने वाडगा घेऊन आले. ट्रंकेत मिरवणुकीच्या प्रवेशाचा गुलाल पडला होता, तो त्यांनी रांगोळीत कालवला होता. "घ्या, गुलाबी रांगोळी."

नाटकात दोघी मुली, थोरली आणि धाकटी. त्यातली धाकटीचं काम करणारी मुलगी माइकपाशी आली. तिने खालून मींड घेत सूर चढवायला सुरुवात केली. दाणे नुसते थरथरत होते. मग एका जागी सूर पत्र्याला भिडला. पत्रा किंचाळला, आणि पडद्यावर ते गुलाबी मिश्रण फुटलं. पांढरे दाणे सरसर रेषांवर गेले. गुलाल मात्र त्यांच्याबरोबर गेलाच नाही. तो रेषांच्या मधल्या मोकळ्या जागांत गोळा झाला, छोट्या छोट्या ढिगाऱ्यांत, आणि ते ढीग जागच्या जागी उकळल्यासारखे फिरत होते. मुलगी गायची थांबली. काका म्हणाले, "आयला, निवडून ठेवलं की!"

यामागचं कारण मायकेल फॅरेडेने १८३१ साली शोधलं होतं. पत्रा जिथे जोरात हलतो तिथे लगतची हवा त्या जागेच्या मध्याकडे वाहते आणि वर उठते. जाड दाण्याला त्या झुळकीचं काही वाटत नाही. बारीक पूड तिच्यासोबत ओढली जाते. फॅरेडेने हवा काढून टाकून प्रयोग केला तर पूडसुद्धा निमूट रेषांवर जाऊन बसली. मी हे सांगत होतो, पण ताई ऐकतच नव्हत्या. त्या पडद्याकडे बघत होत्या.

नाटकात नादकुलची प्रवेश परीक्षा होती. थोरलीच्या सुरावर चांदणी उमटते, धाकटीच्या सुरावर नाही, आणि तिला बेसूर म्हणून हाकलतात. संहितेत याचं कारण असं होतं की एका मांत्रिकाने तिचा आवाज बाटलीत भरलाय. बाटल्या आपण पुष्कळ पाहिल्या आहेत. मला ते कधीच पटलं नव्हतं.

ताईंनी तिथेच पायरीवर बसून शेवटचा प्रवेश नव्याने लिहिला. थोरली घरातून रांगोळी घेऊन येते. धाकटीच्या वाट्याला उरलेला गुलाल. सूर दोघींचा एकच, पण धाकटीची पूड रेषांवर बसत नाही आणि परीक्षक फक्त रेषा बघतात. शेवटी दोघी एकाच पत्र्यावर आपापलं वाण टाकतात आणि एकत्र सूर लावतात. एवढंच. मांत्रिकाचं काम निम्म्यावर आलं म्हणून तो नट प्रयोगापर्यंत फुगून होता, आणि त्याचं चुकलं असं मला वाटत नाही. ऐन दिवशी पाठांतर बदलायला लावणं हा जुलूमच.

संध्याकाळी तो प्रवेश आला तेव्हा मी कन्सोलवर होतो. दोघींचा सूर पहिल्यांदा थोडा हलला, प्रेक्षकांतली चुळबुळ वाढली. धाकटीने श्वास घेऊन पुन्हा लावला. पांढरी चांदणी, प्रत्येक खणात गुलाबी ठिपका. बाल्कनीतून एक पोरगं ओरडलं, "ती पण पास!" पुढचं वाक्य मास्तरांचं होतं, नेमकं हेच. ते बिचारे तोंड उघडून तसेच उभे.

प्रयोगानंतर पोरांचा घोळका विंगेत. चष्मेवाल्या एका मुलाने पत्र्याखाली वाकून कॉइल बघितली आणि जाहीर केलं, "जादू नाहीये, स्पीकर आहे." मी म्हटलं, बरोबर. तो गेला नाही.

"काका, गुलालाऐवजी हळद चालेल?"

"गुठळ्या होतात. टाल्कम पावडर घे."

"आणि पत्रा?"

"स्वयंपाकघरातला नको," मागून त्याची आई म्हणाली.