‘तुरळक ठिकाणी’ म्हणजे आमच्याच घरी

२६ जुलै २००५ला बाबा फोर्टच्या ऑफिसातून नेहमीच्या वेळी निघाले. तिकडे पाऊस होता तो रोजच्यासारखा. त्या चोवीस तासांत कुलाब्याला ७४ मिलिमीटरच्या आसपास पाऊस झाला आणि सांताक्रूझला ९४४. बाबा कुर्ल्याला चालत पोचले दुसऱ्या दिवशी दुपारी. आई आणि मी रात्रभर माळ्यावर बसून होतो. तेव्हा मी बारा वर्षांची होते.

एवढं भोगूनही हवामानाचं पत्रक नीट वाचायला मी शिकले ती दोन वर्षांपूर्वी, घरात पुन्हा पाणी आल्यावर. आदल्या दिवशी इशारा होता : ‘तुरळक ठिकाणी अति मुसळधार’. मी ‘तुरळक’ वाचलं आणि निर्धास्त झोपले. पहाटे आईचा फोन, पाणी पलंगाला लागलंय. बाबा गेल्यापासून तळमजल्यावर ती एकटीच असते.

मग बसले आणि एकेक शब्दाचा अर्थ शोधला. ‘तुरळक’ हे पावसाचं विशेषण नाहीच, ते जागांचं आहे. म्हणजे त्या भागातल्या पाऊस मोजणाऱ्या फार तर पाव केंद्रांवर, पण पडेल तिथे अति मुसळधार. आणि अति मुसळधार म्हणजे चोवीस तासांत ११५.६ ते २०४.४ मिलिमीटर. त्याच्या वर अत्यंत मुसळधार. हे शब्द मला वर्षानुवर्षं नुसती वर्णनं वाटत आली होती.

रंगांचंही तसंच. यलो म्हणजे लक्ष ठेवा, ऑरेंज म्हणजे तयारीत राहा, रेड म्हणजे हालचाल करा. किती पाऊस पडेल यापेक्षा आपण काय करायचं ते रंग सांगतो. शिवाय इशारा जिल्हावार असतो. मी कायम ‘मुंबई’ बघायचे. कुर्ला येतं मुंबई उपनगर जिल्ह्यात.

पण दिवसभराच्या रंगावर भागत नाही. वळिवाचं वादळ तासा-दोन तासांत उभं राहतं. १३ मे २०२४ला दुपारी धुळीचं वादळ आलं तेव्हा सगळ्यांनी ते पाहिलं. म्हणून आता पुढच्या तीन तासांचा तात्कालिक इशाराही पाहते. आणि भरतीचं वेळापत्रक. मला विचाराल तर कुर्ल्यात राहणाऱ्याने हे आधी पाहावं. कुर्ल्यातून वाहणारी मिठी नदी माहीमला समुद्राला मिळते. मोठी भरती असली की नदीचं पाणी पुढे सरकत नाही, मागे तुंबतं. साडेचार मीटरच्या वरची भरती आणि त्याच वेळी जोराचा पाऊस, हे दोन एकत्र दिसले की मी ऑफिसातून लवकर निघते. व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारे जुने व्हिडिओ आणि ‘चोवीस तास घराबाहेर पडू नका’ असले निरोप मी आता उघडतही नाही.

गेल्या जुलैत ऑरेंज अलर्ट होता, दुपारी भरती. आदल्या रात्री गव्हाचा डबा, आईची औषधं, रेशनकार्ड, बाबांचा फोटो, सगळं माळ्यावर चढवलं. फ्रिज विटांवर ठेवला. पाऊस झाला तो घाटकोपरच्या पलीकडे; आमच्या गल्लीत रस्ता जेमतेम ओला. शेजारच्या काकू म्हणाल्या, “उगाच आईला दमवलंस गं.” संध्याकाळी सगळं खाली उतरवलं.

दुसऱ्या दिवशीही ऑरेंजच होता. आईने स्वतःच स्टूल ओढलं आणि म्हणाली, “डबा तू धर, फोटो मी घेते.”