बुगुन लिओसिक्ला: तीन पहाटा आणि एक शेपटी

पहिल्या दिवशी बुगुन लिओसिक्ला हा पक्षी बायकोने पाहिला, मी नाही. अरुणाचलातल्या आमच्या मुक्कामाच्या, लामा कॅम्पच्या खालच्या वळणावर युहिना आणि सिबिया या पक्ष्यांचा मिश्र थवा आला. मी एका युहिनाच्या तुऱ्यावर दुर्बीण लावून बसलो होतो. तिने कोपराने ढोसलं, तोवर झुडपात शिरणारी काळी शेपटी तेवढी दिसली. टोकाला लाल. जेवताना ती पंखांवरचे रंग सांगत होती आणि मी डाळ ढवळत होतो.

अरुणाचलच्या पश्चिम कामेंग जिल्ह्यात सिंगचुंग गावाच्या वर, ईगलनेस्ट अभयारण्याला लागून हा पक्षी राहतो. जगात त्याचा ठावठिकाणा एवढाच. आम्हा पुणेकरांना त्याच्याबद्दल जरा जास्तच आपुलकी, कारण तो शोधला पुण्यात काम करणाऱ्या खगोलशास्त्रज्ञाने. रमण अत्रेय यांना तो 1995 मध्ये पहिल्यांदा दिसला, 2006 मध्ये नवी प्रजाती म्हणून जाहीर झाला. नव्या पक्ष्याचा एक नमुना मारून संग्रहालयात ठेवायचा, ही जुनी रीत. तेव्हा दिसलेले पक्षी मोजून चौदा, त्यातला एक मारायचा कसा? म्हणून दोन पक्षी जाळ्यात धरले, मोजमापं आणि फोटो घेतले, गळालेली पिसं ठेवून घेतली आणि त्यांना सोडून दिलं. नाव दिलं तिथल्या बुगुन लोकांचं. त्याच लोकांनी पुढे गावाच्या जंगलातला 17 चौरस किलोमीटरचा तुकडा राखीव केला; 2017 पासून तो सामुदायिक राखीव क्षेत्र आहे.

आता जायचं कसं. गुवाहाटी, तेजपूर, भालुकपोंग, तेंगा, सिंगचुंग, आणि तिथून वर कॅम्प. तेजपूरला मुक्काम करून पहाटे निघा; गुवाहाटीहून एका दिवसात थेट कॅम्प गाठायचा हट्ट नको. आम्ही तो केला. वाटेत दरड साफ होईस्तोवर बसून राहिलो आणि शेवटचा चढ अंधारात चढलो. अरुणाचलात शिरायचा परवाना, म्हणजे इनर लाइन परमिट, ऑनलाइन निघतं, पण त्याच्या दोन छापील प्रती जवळ ठेवा. भालुकपोंगच्या गेटवर मोबाइलची बॅटरी संपलेला एक गृहस्थ पाहिला, त्याच्यासारखं व्हायला नको. रोख पैसे तेजपूरलाच काढा. मुक्काम, वाहन आणि वाटाड्या हे गावातल्या लोकांकडूनच ठरवा. पैसे जंगल राखणाऱ्यांच्या हातात पडतात.

लामा कॅम्प साधारण 2350 मीटरवर. एप्रिलमध्येही रात्री दोन पांघरुणं लागली. इथे साडेचारला उजाडतं, त्यामुळे पुण्याच्या सवयीने सहाला उठलात तर पक्ष्यांची न्याहारी उरकलेली असते. जळवांसाठी जळूमोजे घ्या. आंबोलीच्या पावसाळ्यात वापरलेले असतील तर तेच चालतील. दुर्बीण रात्री तंबूत उघडी ठेवू नका. मी ठेवली आणि दुसरी पहाट काचेवरचं धुकं पुसण्यात गेली. घट्ट झाकणाच्या डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसोबत ठेवलेली बरी.

त्याच दुसऱ्या दिवशी आमच्यासोबतच्या एकाने मोबाइलवर लिओसिक्लाच्या आवाजाचं रेकॉर्डिंग काढलं. वाजवायच्या आतच आमच्या बुगुन वाटाड्याने त्याच्या हातावर हात ठेवला. "बजाना नहीं. आना होगा तो खुद आएगा." हे दिवस विणीचे. नकली आवाज ऐकून नर घरटं सोडून भांडायला येतो, आणि मुळात इतके थोडे असलेल्या पक्ष्याला रोज चार टोळ्यांनी असं नाचवलं तर घरट्यात राहील कोण? मनातून मला तो आवाज वाजायला हवा होता, हेही कबूल करतो.

तिसऱ्या पहाटे आम्ही वळणावरून हललोच नाही. थवे मागे धावून सापडत नाहीत. त्यांची ठरलेली फेरी असते, आपण एका जागी थांबायचं. साडेसहाच्या सुमारास खालच्या उतारावरून बासरीसारखी, उतरत जाणारी शीळ आली. मग समोरच्या खुरट्या झाडाच्या फांदीवर तो आला, मैनेएवढा. अंग राखी-हिरवट, डोक्यावर काळी टोपी, डोळ्यापुढे आणि मागे नारिंगी-पिवळा फराटा. वळला तेव्हा पंखावर पिवळा, लाल, पांढरा असे तिन्ही रंग एकदम दिसले. एका पायाने फांदी धरून तो सालीखाली चोच घालत होता. फोटो एकच आला, त्यातही पान आडवं.

दिसल्यावर तिथेच रेंगाळू नका, ईगलनेस्ट खिंड ओलांडून पलीकडच्या बोम्पू कॅम्पला उतरा. ईगलनेस्ट हे नाव गरुडांच्या घरट्यावरून नाही, इथे तळ टाकलेल्या लष्कराच्या रेड ईगल डिव्हिजनवरून पडलं. रस्त्यावर हत्तींची लीद दिसेल, हत्ती इथे खिंडीपर्यंत चढतात. म्हणून पायी फिरताना वाटाड्याला सोडून पुढे जायचं नाही. आम्ही बोम्पूला दोनच रात्री दिल्या. तुम्ही तीन द्या. आमचा वॉर्ड्स ट्रोगन हा पक्षी तिथे पाहायचा राहिला तो राहिलाच.